खरी सीडी

मे महिन्यात नातू सुटीला आला की आमच्या माळ्यावरच्या वस्तू एकेक करून खाली उतरतात. गेल्या वर्षी कॅरम उतरला होता, यंदा एक पुठ्ठ्याचा खोका उतरला. त्यात त्याच्या मामाचं लहानपण भरून ठेवलेलं. आरी गेलेला भोवरा, गोट्यांची पिशवी, दोन-चार प्रगतिपुस्तकं आणि सगळ्यात खाली मोटारींच्या शर्यतीच्या एका कॉम्प्युटर गेमची सीडी. अगदी नीट डबीत ठेवलेली. डबीवर रंगीत चित्र, आत छापील पुस्तिका, मागे किमतीचं लेबल : ९९९ रुपये.

नातू आठ वर्षांचा. सीडी म्हणजे काय, इथपासूनच त्याला सांगावं लागलं. "ह्या एवढ्याशा ताटलीत गेम हाय?" म्हणून त्यानं ती उजेडात धरली, तिच्यावरचं इंद्रधनुष्य बघितलं आणि मग हट्टच धरला. आमच्या आताच्या कॉम्प्युटरला सीडी घालायला जागाच नाही. ह्यांनी एका मित्राकडून बाहेरून जोडायचा ड्राइव्ह मागून आणला. सीडी घरघरली, पडद्यावर हिरवी पट्टी हळूहळू भरत गेली, गेम इन्स्टॉल झाला. मोटारीचं छोटं चित्र पडद्यावर आलं. नातवानं श्वास रोखून त्यावर दोनदा क्लिक केलं. बाणाशेजारी एक निळं चक्र क्षणभर फिरलं आणि थांबलं. पुढं काहीच नाही. पडदा काळा झाला नाही, चुकीची सूचना आली नाही, आवाजही नाही. दारावरची बेल वाजवावी आणि आत माणसं असूनही कुणी "कोण?" म्हणू नये, तसं झालं.

घरात लगेच चौकशी सुरू झाली. हे म्हणाले, "तूच कायतरी दाबलास बघ." नातू म्हणाला, "मी नाही, अज्जी, शप्पथ!" मी म्हटलं, मित्राचा ड्राइव्हच बिघडलेला असेल. हैदराबादला असलेल्या लेकाला फोन लावला, तर तो म्हणाला, बाबांनी अपडेट अर्धवट ठेवलं असणार. पाच मिनिटांत चार माणसं आरोपी झाली आणि गेम का सुरू होत नाही हे कुणालाच कळलेलं नव्हतं. वस्तू बिघडली की आपण आधी कारण शोधत नाही, माणूस शोधतो. माणूस सापडला की कारण सापडल्याचं समाधान मिळतं, आणि वस्तू तशीच बंद राहते.

मी कला शाखेची पदवीधर. कॉम्प्युटरमधलं मला फार कळत नाही, पण कुकरची शिट्टी होईना तर काय करायचं ते कळतं. आधी गॅस बघायचा, मग आतलं पाणी, मग रिंग, मग शिट्टीच्या भोकात डाळीचं साल अडकलंय का ते. एकेक करून. रिंगही बदलली आणि शिट्टीही बदलली, तर वाफ कुठून जात होती ते कधीच समजत नाही, आणि पुढच्या वेळी पुन्हा दोन्हीचा खर्च. लेकानं व्हिडिओ कॉलवर मला नेमकं हेच सांगितलं. "आई, एका वेळी एकच गोष्ट बदलायची. काय केलं आणि काय झालं ते लिहून ठेव." मी दुधाच्या हिशेबाच्या वहीचं मागचं पान उघडलं.

पहिल्यांदा कॉम्प्युटर बंद करून पुन्हा चालू केला. फरक नाही. मग चित्रावर उजवं बटण दाबून 'ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा' असं सांगितलं. परवानगी विचारली, दिली, पुन्हा गप्प. मग त्याच ठिकाणी 'कम्पॅटिबिलिटी' नावाचं पान असतं, तिथं जाऊन हा गेम जुन्या विंडोज एक्सपीवर आहे असं भासवून बघितलं. फरक नाही. जुन्या गेमना चित्रं काढायला लागणाऱ्या डायरेक्टएक्सच्या जुन्या फायली नव्या कॉम्प्युटरमध्ये नसतात, त्या आणून घातल्या. फरक नाही. अँटिव्हायरसनं गेमची एखादी फाईल संशयावरून कोंडून ठेवली असेल म्हणून त्याची यादी तपासली. यादी रिकामी. ग्राफिक्सचा ड्रायव्हर नवा केला. फरक नाही. वहीत सहा ओळी झाल्या आणि सहाही ओळींपुढं 'नाही'.

तरी ह्या सहा ओळींनी एक मोठं काम केलं. घरातली चारही माणसं निर्दोष सुटली. हे पुसून म्हणाले, "म्हणजे आमचं कुणाचंच काय चुकलं नव्हतं की."

दुसऱ्या दिवशी रात्री लेकाचा फोन आला. त्याला कारण सापडलं होतं. सीडीत बिघाड नव्हता आणि कॉम्प्युटरमध्येही नव्हता. सीडीवर एक कुलूप होतं.

त्यानं सांगितलं ते मी माझ्या भाषेत सांगते. त्या काळी गेमच्या सीडीची नक्कल करणं फार सोपं झालं होतं. म्हणून कंपन्या सीडीवर सेफडिस्कसारखी कुलपं घालू लागल्या. युक्ती अशी, की सीडीचे काही भाग मुद्दामच सदोष करून ठेवायचे. नक्कल करणारं यंत्र ते भाग हुबेहूब उतरवू शकत नसे. गेम सुरू होण्याआधी कॉम्प्युटरच्या अगदी गाभ्यात बसलेला एक छोटा प्रोग्रॅम सीडी तपासायचा. तो ठरावीक दोष जागच्या जागी सापडला तर सीडी खरी, नाहीतर खोटी. म्हणजे खऱ्याची ओळख काय, तर त्याच्यातला दोष. मला ही कल्पना ऐकून हसू आलं आणि थोडं पटलंही.

पुढं गंमत अशी झाली, की ह्या राखणदारातच भोक निघालं. त्याच्या आडून दुसरा कुणीही कॉम्प्युटरचा ताबा मिळवू शकेल, हे २००७ मध्ये उघड झालं आणि त्या डिसेंबरमध्ये ते भोक बुजवावं लागलं. २०१५ साली विंडोज १० आलं तेव्हा त्यात ह्या राखणदाराला जागाच ठेवली नाही. त्याच वर्षीच्या सप्टेंबरमध्ये त्याआधीच्या विंडोजमध्येही एका अपडेटनं त्याला बंद करून टाकलं. लाखो लोकांच्या कॉम्प्युटरच्या सुरक्षिततेसाठी ते योग्यच होतं. पण राखणदार गेला आणि कुलूप दाराला तसंच राहिलं. आता सीडी खरी आहे असं सांगणारं कुणी उरलं नाही, म्हणून गेम उघडत नाही.

"मग आता?" मी विचारलं.

लेक हसला. "आता काय आई, नकली सीडी असती तर चालली असती. त्यातलं कुलूप आधीच फोडलेलं असायचं."

फोन स्पीकरवर होता. नातू माझ्या मांडीला टेकून बसला होता. त्यानं मान वर केली आणि विचारलं, "म्हणजे पणजोबांनी खरी घेतली म्हणून चालत नाही?"

ही सीडी पणजोबांनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी घेतलेली होती. त्यांना आम्ही सगळे अण्णा म्हणायचो. रविवार पेठेत त्यांचं किराणा दुकान. रोज बस्तीला जाऊन आल्याशिवाय दुकानाची फळी काढायचे नाहीत. २००६ साली माझा लेक अकरा वर्षांचा होता. त्यानं एका फूटपाथवरून हाच गेम पन्नास रुपयांना आणला. पांढऱ्या कागदी पाकिटात सीडी, तिच्यावर पेननं नाव लिहिलेलं. अण्णा झोपाळ्यावर बसले होते. त्यांनी विचारलं, "केवढ्याला पडली?"

"पन्नासला."

"आणि दुकानात केवढ्याला?"

"हजार."

अण्णा म्हणाले, "हजाराची वस्तू पन्नासला देणारा एकतर येडा असतो, नाहीतर दुसऱ्याची देत असतो. तो येडा वाटला काय तुला?"

दुसऱ्या दिवशी ते नातवाला घेऊन गेले. फूटपाथवरच्या माणसाला रागावले नाहीत, उपदेश केला नाही, पन्नास रुपयेही परत मागितले नाहीत. सीडी नुसती परत केली. मग दुकानात जाऊन ९९९ रुपयांची घेतली. कोथिंबिरीच्या पेंडीला आठ आण्यांसाठी घासाघीस करणारा माणूस! मला तेव्हा रागच आला होता. मिक्सरचं भांडं गळत होतं, ते मी दोन महिने मागत होते आणि मला 'पुढच्या महिन्यात' असं उत्तर मिळत होतं. आणि इथं खेळण्याला हजार रुपये!

आता एवढं सांगितलं तर पुढचंही सांगते. त्याच वेळी माझ्या कपाटात, साड्यांच्या खाली, तीस-तीस रुपयांना घेतलेल्या गाण्यांच्या सीड्या होत्या. एकेका सीडीत शंभर-दीडशे गाणी. ती पन्नास रुपयांची सीडी परत गेली त्या रात्री मी माझ्या सीड्या आणखी आत सरकवल्या. अण्णांना त्या कधीच कळल्या नाहीत. अण्णा जाऊन आता आठ वर्षं झाली.

म्हणून नातवाचा प्रश्न माझ्या जिव्हारी लागला. अण्णांनी खरं केलं म्हणून त्यांची सीडी बंद. फसवणाऱ्याची चालू. ह्या मुलाला मी आता काय सांगू? जगात पुढं त्याला हे पुष्कळ दिसणार आहे. रांगेत उभा राहणारा मागे राहतो, कर भरणाऱ्यालाच नोटीस येते, खरं वजन देणाऱ्याचा भाव महाग दिसतो. पण आठव्या वर्षीच, माझ्या घरात, माझ्या सासऱ्यांच्या सीडीवरून त्यानं हे शिकावं असं मला वाटेना.

तेवढ्यात मोह समोर आला. आमच्या गल्लीत कॉम्प्युटर दुरुस्त करणारा एक मुलगा आहे. गुणी पोरगा. तो म्हणाला, "काकू, पाच मिनिटांचं काम आहे. कुलूप काढलेली फाईल मिळते, ती टाकतो. तुम्ही तर पैसे भरलेत, तुम्हाला कसलं पाप?"

खरंच, कसलं? मी दोन दिवस ह्यावर विचार केला. भाजी निवडताना, पोळ्या लाटताना. माझंच घर, माझंच कुलूप, किल्ली हरवली. मी ते फोडलं तर ती चोरी नव्हे. जावई कोल्हापुरात वकिली करतात, त्यांना विचारलं. ते म्हणाले, १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कॉम्प्युटर प्रोग्रॅम रीतसर ज्याच्याकडे आहे त्याला तो ज्या कामासाठी दिला त्या कामासाठी वापरायला, आणि हरवू-बिघडू नये म्हणून, प्रत करायची मुभा आहे. २०१२ साली कायद्यात कलम ६५ अ घातलं. असं कुलूप फोडणं हा त्यानुसार गुन्हा, पण हक्क मोडायच्या उद्देशानं फोडलं तर. "पण अत्या, मी कोर्टात तुम्हाला याची हमी देणार नाही हं," असंही हसत म्हणाले.

उद्देशाची गोष्ट मला ओळखीची वाटली. आपल्याकडेही कृतीइतकंच भावाला महत्त्व. पण दशलक्षण पर्वातल्या प्रवचनात अचौर्याबद्दल ऐकलेलं दुसरंही काही आठवलं. न दिलेलं घेणं म्हणजे चोरी, हे तर आपण लहानपणापासून ऐकतो. पण ह्या अणुव्रताचे जे पाच अतिचार सांगितलेत ते बघा. चोराला उद्युक्त करणं, चोरानं आणलेला माल घेणं, राज्याचे नियम ओलांडणं, मापात खोट करणं, आणि अस्सलात नकली मिसळून विकणं. ह्यातला एकही अतिचार दुसऱ्याच्या घरात शिरून पेटी फोडणाऱ्याचा नाही. पाचही घरात बसून, दुकानात बसून, सभ्यपणे करता येतात. ते सांगणाऱ्यांना व्यापार करणाऱ्या, संसार करणाऱ्या माणसाचा स्वभाव किती नीट ठाऊक होता! कुलूप माझं असलं, तरी ती फाईल येणार कुठून? जिथं दुसऱ्यांची हजार कुलपं फोडून ठेवलेली असतात तिथूनच. फाईल बिनपैशाची म्हणून आणलेला माल बदलत नाही. आणि त्या फाईलबरोबर आणखी काय घरात येईल ते तो मुलगाही सांगू शकत नव्हता.

कंपनीच्या बाजूनंही विचार करून बघितला. एकाच बाजूनं बघू नये असं आपण एरवी दुसऱ्यांना सांगत असतो. एखादा गेम तयार करायला कितीतरी माणसं वर्षानुवर्षं राबतात. कुणी मोटारी काढतं, कुणी रस्ते, कुणी इंजिनाचा आवाज. आणि आठ दिवसांत तो फूटपाथवर पन्नास रुपयांना! त्यांनी कुलूप घातलं ह्याला मी कशी नावं ठेवू? ते कुलूप माझ्यासारख्यांमुळंच घातलं गेलं. साड्यांखालच्या त्या सीड्यांमुळं.

पण त्या कुलपानं अडवलं कुणाला? फूटपाथवाल्यानं ते फोडलं आणि धंदा चालू ठेवला. दर वेळी डबीतली सीडी काढून, आत घालून, 'मी चोर नाही' असं सिद्ध करावं लागलं ते अण्णांच्या नातवाला. आणि शेवटी कायमचा बाहेर राहिला तोही तोच. संशयाचं कुलूप घालताना चोर डोळ्यांसमोर असतो, पण रोज ते कुलूप हाताळावं लागतं खऱ्या माणसाला.

हे मनात आलं तेव्हा मी चहा टाकत होते. मावशी भांडी घासून उभ्या होत्या. त्यांना घरच्यासाठी साखर हवी होती, महिन्याची आम्ही देतो ती. त्या काही बोलल्या नाहीत. नुसत्या माझ्या कमरेकडे बघत उभ्या राहिल्या. किल्ली माझ्या कमरेला असते.

लेकीच्या लग्नात, २०१५ च्या मे महिन्यात, आहेराची दोन पाकिटं गेली. घरात साठ-सत्तर माणसं होती. कुणी घेतली ते कळलं नाही, कळणारही नव्हतं. त्यानंतर मी कोठीच्या कपाटाला कुलूप घातलं. "मावशींवर संशय नाही हं, सगळ्यांसाठीच आहे," असं मी त्यांना तेव्हा सांगितलं होतं. ते खरंही होतं. पण 'सगळे' म्हणजे कोण? पाहुणे चार दिवसांत गेले. ज्यानं पाकिटं घेतली तोही त्यांच्याबरोबर गेला. राहिल्या मावशी. आमच्याकडे सोळा वर्षं येतात त्या. गेली दहा वर्षं चहापूड संपली की त्या माझ्याकडे येऊन उभ्या राहतात. एकदाही तोंडातून शब्द नाही. माझ्या लेखी ती शिस्त होती. त्यांच्या लेखी काय होतं, ते मी कधी विचारलं नाही.

त्या दिवशीही विचारलं नाही. साखर दिली. पण कपाटाला कुलूप लावताना हात जड झाला.

गेमचा प्रश्न सुटला तो नातवामुळं. त्याला वाचनाचा नाद आहे, साबणाच्या वेष्टनावरचंही वाचतो. डबीच्या मागचं बारीक इंग्रजी तो अक्षर लावून वाचत होता. "अज्जी, इथं विंडोज एक्सपी लिहिलंय." आम्ही सगळ्यांनी ती डबी शंभर वेळा हातात घेतली होती. हा गेम एक्सपीवर चालेल एवढंच कंपनीनं म्हटलं होतं. विंडोज १० वर चालेल असं कधी म्हटलंच नव्हतं. आपण दोन-तीन दिवस ज्या दारावर धडका देत होतो ते दारच दुसऱ्याचं होतं.

मामाचा जुना कॉम्प्युटर माळ्यावरच होता. तो उतरवला. आत कोळ्याचं जाळं. पहिल्यांदा नुसता पंखा फिरला, पडद्यावर काही नाही. गल्लीतला मुलगा आला. त्यानं आतली मेमरीची पट्टी काढून नातवाच्या खोडरबरानं तिची पिवळी टोकं घासली, पुन्हा बसवली. घड्याळाचा बटणासारखा सेल बदलला. पुन्हा एक वेळी एकच गोष्ट. इंटरनेट जोडू नका एवढं बजावून तो गेला, इतक्या जुन्या विंडोजला आता कुणी राखत नाही म्हणून. संध्याकाळी हिरव्या टेकडीचं ते ओळखीचं चित्र पडद्यावर आलं आणि माझ्या पोटात कालवलं. सीडी घातली. घरघर. क्लिक. एक क्षण काहीच नाही. मग इंजिनाचा आवाज घरभर घुमला.

आम्ही टाळ्या वाजवल्या. सूर्यास्ताच्या आत जेवायचं होतं, तेही त्या दिवशी धावतपळत झालं. मी लेकाला फोन करून मोठ्या तोऱ्यात सांगितलं, "बघ, अण्णांची खरी सीडी चालली! चोरीचं काही न घेता चालली."

पलीकडे तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "आई, एक सांगू? त्या कॉम्प्युटरमधलं विंडोज तरी कुठं खरं आहे? तेव्हा असेंबल केलेल्या कॉम्प्युटरात दुकानदारच सगळं भरून द्यायचा. त्याचे पैसे कुणी दिले होते?"

माझा तोरा तिथंच उतरला. अण्णांनी हजार रुपये देऊन घेतलेली खरी सीडी इतकी वर्षं चोरीच्या घरात राहत होती. आणि अण्णांना ते माहीत नव्हतं. ह्यांनाही नव्हतं. बिल कॉम्प्युटरचं होतं, त्यात काय-काय आहे ते कुणी विचारलंच नाही. मग अण्णांचा तो सगळा खटाटोप फुकटच गेला म्हणायचा का?

मला तसं वाटत नाही. साधूंचं ते महाव्रत आणि गृहस्थाचं ते अणुव्रत, हा फरक काही उगाच केलेला नाही. संसारात असलेल्या माणसाला आपल्या पायाखालची प्रत्येक फरशी कुठून आली ते सांगता येत नाही. पण जी दिसली, जिच्याबद्दल प्रश्न पडला, तिच्याबद्दल डोळेझाक न करणं एवढं त्याच्या हातात असतं. अण्णांना पन्नास रुपयांची सीडी दिसली, त्यांनी ती परत केली. विंडोज दिसलं असतं तर त्याचंही काहीतरी केलं असतं, हे मला ठाऊक आहे. मला तर माझ्या सीड्या रोज दिसत होत्या. दोष त्यांच्या न कळण्यात होता की माझ्या कळून सरकवण्यात, हे ठरवायला मला कुणा पंडिताकडे जायची गरज नाही. आता मात्र जुन्या कॉम्प्युटरचंही आम्हाला कळलंय. म्हणजे 'माहीत नव्हतं' ही सबब आजपासून आमच्याजवळ उरली नाही. सुटी संपली की तो कॉम्प्युटर मोडीत द्यायचा आणि सीडी तेवढी जपून ठेवायची असं ह्यांनी ठरवलं. मीही हो म्हटलं.

नातवाच्या प्रश्नाचं उत्तर राहिलं होतं. रात्री गच्चीवर झोपायला गेलो तेव्हा मी त्याला म्हटलं, "पणजोबांनी गेम चालावा म्हणून खरी सीडी घेतली नव्हती रे. दुसऱ्याचं आपल्याकडं राहू नये म्हणून घेतली होती."

तो म्हणाला, "पण मग खरी असून चालायला नको काय?"

"हवी. नक्की हवी. ते चुकलंच."

"कुणाचं?"

व्यापाऱ्याच्या घरातली सून मी, मला हिशेबच सुचला. म्हटलं, "ही दोन खाती आहेत. पणजोबांच्या खात्यात काय लिहिलं गेलं, आणि कुलूप घालणाऱ्यांच्या खात्यात काय. त्यांचं चुकलं म्हणून पणजोबांचं जमा खोडायचं नाही. आणि पणजोबांचं बरोबर होतं म्हणून त्यांची चूक माफ करायची नाही. दोन्ही वेगवेगळं लिहायचं."

त्याला कितपत कळलं कोण जाणे. "म्हणजे एका वेळी एकच," असं पुटपुटत तो झोपून गेला. तुम्हाला सांगते, मला ते माझ्या उत्तरापेक्षा बरं वाटलं. दुसऱ्या दिवशी त्यानं वीस मिनिटं मोटार चालवली, तीनदा भिंतीवर आदळवली आणि मग गल्लीतली मुलं हाक मारायला आल्यावर बॅट घेऊन पळाला. एवढ्या तीन-चार दिवसांचा खटाटोप त्या वीस मिनिटांसाठी!

मी कोठीपाशी गेले. कपाटाचं कुलूप काढलं, ते हातात घेऊन थोडी थांबले. काही गेलं तर? गेलं तर जाईल थोडी साखर. दहा वर्षांत मी त्या कुलपानं किती वाचवलं आणि किती घालवलं ह्याचा हिशेब कधी मांडलाच नव्हता. कुलूप मी माळ्यावर, त्या पुठ्ठ्याच्या खोक्यात टाकून दिलं.

दुपारी मावशी आल्या. चहापूड संपली होती. नेहमीप्रमाणे माझ्यापाशी येऊन उभ्या राहिल्या. मी म्हटलं, "उघडंच आहे मावशी, घ्या." त्यांनी कपाटाकडे बघितलं, मग माझ्याकडे. म्हणाल्या, "किल्ली हरवली काय, ताई?"

"हरवली नाही," मी म्हटलं. पुढं काय म्हणायचं ते मला सुचेना. दशलक्षण संपलं की क्षमावाणीला आपण एकमेकांच्या घरी जाऊन 'उत्तम क्षमा' म्हणतो. ओळखीच्या, नात्यातल्या, बरोबरीच्या माणसांना. मावशींना मी आजवर कधी म्हटलं नव्हतं. अजून भाद्रपदाला तीन महिने आहेत. एवढ्यात मला ते वाक्य जमवायचं आहे.